उच्च रिझोल्यूशन गेमिंग मॉनिटर

उच्च रिझोल्यूशन गेमिंग मॉनिटर हा संगणकावरील किंवा गेम कन्सोलवरील व्हिडिओ गेम खेळण्यासाठी वापरला जाणारा, १९२०×१०८० पेक्षा अधिक पिक्सेल असलेला आणि सामान्यतः १२० हर्ट्झ किंवा त्याहून अधिक रिफ्रेश रेट देणारा मॉनिटर होय. २५६०×१४४० (क्यूएचडी) आणि ३८४०×२१६० (४के) ही या गटातील दोन प्रमुख रिझोल्यूशने आहेत. ३४४०×१४४० सारखी अतिरुंद रिझोल्यूशनेही याच गटात मोडतात.

अशा मॉनिटरची निवड केवळ पिक्सेलसंख्येवरून करता येत नाही. पिक्सेल वाढले की ग्राफिक्स कार्डाला प्रत्येक फ्रेमसाठी अधिक आकडेमोड करावी लागते आणि केबलमधून अधिक डेटा वाहून न्यावा लागतो. स्थिर चित्रात दिसणारी स्पष्टता चित्र हलू लागताच रिफ्रेश रेटवर आणि पॅनेलच्या वेगावर अवलंबून राहते. त्यामुळे रिझोल्यूशन, रिफ्रेश रेट, पडद्याचा आकार व ग्राफिक्स कार्डाची क्षमता या चार घटकांचा मेळ घालणे हा निवडीचा मूळ प्रश्न ठरतो.

इतिहास

रिझोल्यूशन आणि रिफ्रेश रेट यांतील ओढाताण कॅथोड किरण नलिकेच्या (सीआरटी) मॉनिटरांच्या काळापासून आहे. या मॉनिटरांत पिक्सेलची ठरावीक जाळी नसे. इलेक्ट्रॉन शलाका एका सेकंदात किती आडव्या रेषा काढू शकते यावर मर्यादा असे. त्यामुळे एकच मॉनिटर कमी रिझोल्यूशनला अधिक आणि जास्त रिझोल्यूशनला कमी रिफ्रेश रेट देत असे. वेगवान नेमबाजी गेम खेळणारे अनेक खेळाडू त्या काळीही रिझोल्यूशन उतरवून रिफ्रेश रेट वाढवीत असत.

२००० च्या दशकात द्रव स्फटिक पडद्यांनी (एलसीडी) सीआरटीची जागा घेतली. या पडद्यांना ठरावीक पिक्सेलजाळी होती आणि बहुतेकांचा रिफ्रेश रेट ६० हर्ट्झ होता. २००१ मध्ये आयबीएम कंपनीने टी२२० हा २२.२ इंची मॉनिटर आणला. त्याचे रिझोल्यूशन ३८४०×२४०० म्हणजे आजच्या ४के पडद्याहून अधिक होते. मात्र रिफ्रेश रेट केवळ ४१ हर्ट्झ होता आणि पूर्ण चित्र पोहोचविण्यासाठी एकाहून अधिक केबली जोडाव्या लागत. हा मॉनिटर वैद्यकीय प्रतिमा, नकाशे व अभियांत्रिकी आरेखन यांसारख्या व्यावसायिक कामांसाठी होता. गेमसाठी त्याचा फारसा उपयोग नव्हता.

२००९ मध्ये एनव्हिडियाच्या त्रिमिती चष्म्यासोबत वापरण्यासाठी १२० हर्ट्झचे एलसीडी मॉनिटर बाजारात आले. डाव्या व उजव्या डोळ्याला आळीपाळीने चित्र दाखविण्यासाठी हा वेग आवश्यक होता. त्रिमिती गेमिंग पुढे मागे पडले, परंतु वाढीव रिफ्रेश रेटमुळे हालचाल अधिक स्पष्ट दिसते हे खेळाडूंच्या लक्षात आले आणि १४४ हर्ट्झचे मॉनिटर रूढ झाले. २०१३ मध्ये आसुसने पीक्यू३२१क्यू हा ३१.५ इंची ४के मॉनिटर आणला. ६० हर्ट्झवर चालताना तो संगणकाला दोन अर्ध्या पडद्यांच्या रूपात दिसत असे. २०१४ मध्ये त्याच कंपनीच्या पीजी२७८क्यू या मॉनिटरने २५६०×१४४० रिझोल्यूशन व १४४ हर्ट्झ हे दोन्ही गुण एकत्र आणले. ४के आणि १४४ हर्ट्झ यांचा संयोग साधण्यास २०१८ साल उजाडले.

सेंद्रिय प्रकाश-उत्सर्जक डायोडचे (ओएलईडी) पॅनेल डेस्कवरील गेमिंग मॉनिटरांत २०२२ पासून ठळकपणे दिसू लागले. त्या वर्षी डेलच्या एलियनवेअर एडब्ल्यू३४२३डीडब्ल्यू या ३४ इंची अतिरुंद मॉनिटरात क्यूडी-ओएलईडी पॅनेल वापरण्यात आले. २०२४ मध्ये ३२ इंची, ४के, २४० हर्ट्झ ओएलईडी मॉनिटर उपलब्ध झाले. त्याच वर्षीच्या एलजी ३२जीएस९५यूई या मॉनिटरात ४के रिझोल्यूशनला २४० हर्ट्झ आणि १९२०×१०८० रिझोल्यूशनला ४८० हर्ट्झ अशी दुहेरी सोय देण्यात आली. सीआरटीच्या काळातील जुनी तडजोड या रूपाने पुन्हा खेळाडूच्या हाती आली.

प्रमुख रिझोल्यूशने

| प्रचलित नाव | रिझोल्यूशन | एकूण पिक्सेल | फुल एचडीच्या तुलनेत |
|---|---|---|---|
| फुल एचडी (१०८०पी) | १९२०×१०८० | २०,७३,६०० | १ पट |
| क्यूएचडी (१४४०पी) | २५६०×१४४० | ३६,८६,४०० | १.७८ पट |
| अतिरुंद क्यूएचडी | ३४४०×१४४० | ४९,५३,६०० | २.३९ पट |
| दुहेरी क्यूएचडी | ५१२०×१४४० | ७३,७२,८०० | ३.५६ पट |
| ४के (२१६०पी) | ३८४०×२१६० | ८२,९४,४०० | ४ पट |

विक्रीच्या जाहिरातींत १४४०पी रिझोल्यूशनला अनेकदा '२के' म्हटले जाते. चित्रपट उद्योगात मात्र २के म्हणजे २०४८×१०८० हे रिझोल्यूशन होय. खरेदीच्या वेळी नावाऐवजी प्रत्यक्ष पिक्सेलसंख्या पाहिल्यास हा घोटाळा टळतो.

एलसीडी व ओएलईडी पडद्यांची पिक्सेलजाळी ठरलेली असल्यामुळे कमी रिझोल्यूशनचे चित्र ताणून दाखवावे लागते. ४के पडद्यावर फुल एचडीचा प्रत्येक पिक्सेल नेमक्या २×२ पिक्सेलांत बसू शकतो. १४४०पी पडद्यावर हे प्रमाण १.३३ येत असल्याने कडा किंचित पुसट होतात. ग्राफिक्स कार्ड कमकुवत असताना १४४०पी मॉनिटर घेऊन गेम १०८०पीवर चालविण्याचा बेत त्यामुळे सहसा समाधान देत नाही.

पिक्सेल घनता आणि पाहण्याचे अंतर

चित्राची सूक्ष्मता एकूण पिक्सेलांपेक्षा दर इंचामागील पिक्सेलसंख्येवर (पिक्सेल घनता) आणि डोळ्यांपासून पडद्याच्या अंतरावर ठरते. सामान्य निकोप दृष्टी सुमारे एक कोनीय मिनिट इतका बारकावा ओळखते असे मानले जाते. या गृहीतकानुसार ज्या अंतरापलीकडे सलग दोन पिक्सेल वेगळे ओळखता येत नाहीत, ते पुढीलप्रमाणे येते :

| आकार व रिझोल्यूशन | दर इंचामागील पिक्सेल | अंतर (सुमारे) |
|---|---|---|
| २४ इंच, १०८०पी | ९२ | ९५ सेंमी |
| २७ इंच, १०८०पी | ८२ | १०७ सेंमी |
| २७ इंच, १४४०पी | १०९ | ८० सेंमी |
| ३२ इंच, १४४०पी | ९२ | ९५ सेंमी |
| ३२ इंच, ४के | १३८ | ६३ सेंमी |
| २७ इंच, ४के | १६३ | ५४ सेंमी |

टेबलावर मॉनिटर ठेवून खेळणाऱ्याचे डोळे पडद्यापासून साधारणतः ६० ते ७५ सेंटिमीटर अंतरावर असतात. या अंतरावरून २७ इंची १०८०पी पडद्यावरील पिक्सेलांची जाळी जाणवते आणि २७ इंची १४४०पी पडदा दृष्टीच्या मर्यादेच्या जवळ जातो. ३२ इंची १४४०पी पडद्याची घनता २४ इंची १०८०पी पडद्याएवढीच असल्याने तेथे चित्र मोठे होते, पण अधिक रेखीव होत नाही. ४के रिझोल्यूशनचा लाभ मोठ्या पडद्यावर अधिक मिळतो. मात्र तिरप्या रेषांच्या कडा, दूरवरची पाने-तारा आणि बारीक अक्षरे यांत यापुढील घनतेचाही काही फरक जाणवू शकतो. घनता वाढली की अक्षरे लहान दिसतात. म्हणून २७ इंची ४के पडद्यावर विंडोज प्रणालीत मजकूर सहसा १५० टक्के मोठा करून वापरला जातो.

रिफ्रेश रेट आणि हालचालीतील स्पष्टता

पडदा एका सेकंदात जितक्या वेळा चित्र बदलतो त्या संख्येस रिफ्रेश रेट म्हणतात. ६० हर्ट्झला प्रत्येक फ्रेम १६.७ मिलिसेकंद, १४४ हर्ट्झला ६.९ मिलिसेकंद आणि २४० हर्ट्झला ४.२ मिलिसेकंद पडद्यावर राहते. आधुनिक पडद्यांवर पुढील फ्रेम येईपर्यंत आधीची फ्रेम जागीच स्थिर राहते. हलत्या वस्तूमागे फिरणारी नजर मात्र थांबत नाही. त्यामुळे त्या काळात नजर जितके पिक्सेल ओलांडते, तितकी वस्तू पुसट दिसते.

एखादी वस्तू पडद्याची पूर्ण रुंदी दोन सेकंदांत ओलांडते असे मानल्यास ४के पडद्यावर तिचा वेग सेकंदाला १९२० पिक्सेल येतो. ६० हर्ट्झला ती सुमारे ३२ पिक्सेल, १४४ हर्ट्झला १३ पिक्सेल आणि २४० हर्ट्झला ८ पिक्सेल पुसट होते. तीच वस्तू १०८०पी पडद्यावर ६० हर्ट्झला १६ पिक्सेल पुसट होते. दोन्ही पडदे सारख्या आकाराचे असतील, तर ३२ लहान पिक्सेल आणि १६ मोठे पिक्सेल यांची प्रत्यक्ष रुंदी एकच, म्हणजे पडद्याच्या १२० व्या भागाइतकी असते. याचा अर्थ ६० हर्ट्झवर वेगवान हालचाल पाहताना ४के रिझोल्यूशनचा बहुतांश लाभ नाहीसा होतो. तो टिकवून धरण्यासाठी रिफ्रेश रेट वाढवावा लागतो, आणि त्याबरोबर गेमनेही तितक्या फ्रेम पुरवाव्या लागतात.

ग्राफिक्स कार्डावरील भार

१४४०पीवरून ४के रिझोल्यूशनकडे जाताना पिक्सेल २.२५ पट होतात. फ्रेमची संख्या त्याच प्रमाणात घटतेच असे नाही, कारण काही काम पिक्सेलसंख्येवर अवलंबून नसते. पण घट मोठी असते. कमी रिझोल्यूशनला मुख्य प्रक्रियक (सीपीयू) फ्रेमसंख्येवर मर्यादा घालतो, तर उच्च रिझोल्यूशनला बहुधा ग्राफिक्स कार्ड घालते. ग्राफिक्स कार्डाची स्वतःची स्मृती अपुरी पडल्यास गेम मध्येच अडखळतो.

हा भार हलका करण्यासाठी चित्र कमी रिझोल्यूशनमध्ये तयार करून ते वाढविण्याची तंत्रे विकसित झाली. एनव्हिडियाचे डीएलएसएस (२०१८), एएमडीचे एफएसआर (२०२१) आणि इंटेलचे एक्सईएसएस (२०२२) ही त्यांतील प्रमुख होत. डीएलएसएसच्या 'क्वालिटी' पर्यायात ४के चित्रासाठी मूळ चित्र १४४०पी, तर 'परफॉर्मन्स' पर्यायात १०८०पी रिझोल्यूशनमध्ये तयार होते. मूळ पिक्सेल जितके अधिक, तितके वाढविलेले चित्र चांगले. म्हणून ही तंत्रे १०८०पी पडद्यापेक्षा ४के पडद्यावर अधिक समाधानकारक ठरतात. दोन खऱ्या फ्रेमांमध्ये कृत्रिम फ्रेम घालणारे तंत्र हालचाल सुरळीत दाखवते, परंतु खेळाडूच्या आदेशाला मिळणारा प्रतिसाद त्यामुळे जलद होत नाही. मूळ फ्रेमसंख्या फार कमी असल्यास ही उणीव विशेष जाणवते.

परिवर्ती रिफ्रेश रेट

गेममधील फ्रेमांचा वेग सतत बदलत असतो. पडदा ठरावीक वेगाने चालत राहिल्यास एकाच वेळी दोन फ्रेमांचे तुकडे दिसून चित्र फाटल्यासारखे वाटते. यावर उपाय म्हणून एनव्हिडियाने ऑक्टोबर २०१३ मध्ये जी-सिंक जाहीर केले. त्यासाठी मॉनिटरात स्वतंत्र इलेक्ट्रॉनिक भाग बसवावा लागे आणि किंमत वाढे. २०१४ मध्ये व्हेसा या मानकसंस्थेने डिस्प्लेपोर्टमध्ये ॲडॅप्टिव्ह-सिंक समाविष्ट केले. एएमडीचे फ्रीसिंक त्यावर आधारलेले आहे. जानेवारी २०१९ पासून एनव्हिडियाची कार्डेही ॲडॅप्टिव्ह-सिंक मॉनिटरांवर ही सोय देऊ लागली.

उच्च रिझोल्यूशनला फ्रेमसंख्या वारंवार खाली येत असल्याने ही सोय तेथे अधिक उपयोगी पडते. मॉनिटरची परिवर्ती कक्षा किती हर्ट्झपासून सुरू होते हे पाहणे आवश्यक असते. काही व्हीए व ओएलईडी पॅनेलांवर फ्रेमांचा वेग झपाट्याने बदलताना अंधाऱ्या दृश्यांत उजेड थरथरल्यासारखा दिसतो.

जोडणी आणि डेटावहन

४के रिझोल्यूशन, १४४ हर्ट्झ आणि दर रंगाला ८ बिट यांसाठी केवळ पिक्सेलांचाच डेटा सेकंदाला सुमारे २८.७ गिगाबिट होतो. १० बिट रंग व २४० हर्ट्झसाठी तो ५९.७ गिगाबिटवर जातो. प्रमुख जोडणी मानकांची कमाल क्षमता अशी आहे :

- एचडीएमआय २.० (२०१३) : १८ गिगाबिट
- डिस्प्लेपोर्ट १.४ (२०१६) : ३२.४ गिगाबिट, प्रत्यक्ष डेटासाठी २५.९ गिगाबिट
- एचडीएमआय २.१ (२०१७) : ४८ गिगाबिट
- डिस्प्लेपोर्ट २.० (२०१९) व २.१ (२०२२) : ८० गिगाबिट

२०१८ मधील पहिल्या ४के १४४ हर्ट्झ मॉनिटरांना ही मर्यादा भोवली. डिस्प्लेपोर्ट १.४ मधून पूर्ण डेटा जात नसल्याने कमाल वेगावर रंगांची माहिती अर्धी करावी लागे आणि रंगीत अक्षरांच्या कडा बिघडत. नंतरच्या मॉनिटरांत डीएससी हे संकोचन तंत्र वापरले जाते. त्यातील हानी साध्या डोळ्यांना सहसा दिसत नाही.

एचडीएमआय २.१ मधील अनेक वैशिष्ट्ये ऐच्छिक आहेत. त्यामुळे खोक्यावर '२.१' असूनही मॉनिटर पूर्ण ४८ गिगाबिट देईलच असे नाही. नोव्हेंबर २०२० मध्ये आलेले प्लेस्टेशन ५ व एक्सबॉक्स सिरीज एक्स हे कन्सोल ४के रिझोल्यूशनला १२० हर्ट्झपर्यंत चित्र देतात, पण त्यासाठी मॉनिटरला त्या क्षमतेचा एचडीएमआय २.१ पोर्ट असावा लागतो. प्लेस्टेशन ५ वर १४४०पीची सोय सप्टेंबर २०२२ मधील अद्यतनाने आली.

पॅनेलचे प्रकार

- टीएन : कमी किंमत व जलद प्रतिसाद, बाजूने पाहताना रंग बदलतात. उच्च रिझोल्यूशन मॉनिटरांत हा प्रकार मागे पडला आहे.
- आयपीएस : रंग व पाहण्याचे कोन चांगले. कॉन्ट्रास्ट साधारण १०००:१ असल्याने अंधाऱ्या खोलीत काळा रंग राखाडी वाटतो.
- व्हीए : कॉन्ट्रास्ट साधारण ३०००:१ किंवा अधिक. अनेक पॅनेलांत गडद छटा बदलण्यास वेळ लागतो आणि हलत्या वस्तूमागे काळपट ओघळ दिसतो.
- ओएलईडी : प्रत्येक पिक्सेल स्वयंप्रकाशित असल्याने काळा रंग पूर्ण काळा दिसतो व प्रतिसाद अत्यंत जलद असतो. तेच चित्र दीर्घकाळ एका जागी राहिल्यास कायमचा डाग पडण्याचा धोका असतो. गेममधील नकाशा किंवा विंडोजची खालची पट्टी ही अशा चित्रांची उदाहरणे होत. उपपिक्सेलांची मांडणी वेगळी असल्याने अक्षरांच्या कडांना रंगीत झाक येऊ शकते. पिक्सेल घनता वाढली की ती कमी जाणवते.

'मिनी-एलईडी' हा पॅनेलचा वेगळा प्रकार नसून एलसीडीमागील प्रकाश शेकडो वा हजारो स्वतंत्र भागांत विभागण्याची पद्धत आहे.

जाहिरातीतील आकडे

'१ मिलिसेकंद' हा प्रतिसादकाल सहसा अनुकूल स्थितीत मोजलेला असतो. पिक्सेलला ढकलणारी विद्युत् चालना (ओव्हरड्राइव्ह) कमाल ठेवल्यास हा आकडा गाठता येतो, पण त्यामुळे हलत्या वस्तूमागे उजळ कडा उमटतात. काही वेळा दिलेला आकडा पिक्सेल बदलण्याचा नसून प्रकाश लुकलुकवून मोजलेल्या हालचालीच्या पुसटपणाचा असतो. दोन्ही मोजमापे मिलिसेकंदांतच असल्याने त्यांची गल्लत होते.

उच्च गतिक पल्ल्याच्या (एचडीआर) चित्रासाठी व्हेसाने डिसेंबर २०१७ मध्ये डिस्प्लेएचडीआर प्रमाणपत्रे सुरू केली. त्यातील ४०० या पातळीसाठी पार्श्वप्रकाशाचे भाग स्वतंत्रपणे मंद होणे बंधनकारक नाही. त्यामुळे या पातळीच्या एलसीडी मॉनिटरवर एचडीआर सुरू केल्यास साध्या चित्रापेक्षा फारसा फरक दिसत नाही. ओएलईडीसाठी 'ट्रू ब्लॅक' ही वेगळी श्रेणी २०१९ पासून आहे.

पिक्सेल वाढले की सदोष पिक्सेलांची शक्यताही वाढते. आयएसओ १३४०६-२ या २००१ मधील मानकाच्या दुसऱ्या वर्गात दर दहा लाख पिक्सेलांमागे दोन सतत उजळ व दोन सतत काळे पिक्सेल चालत असत. पुढे त्याची जागा आयएसओ ९२४१-३०७ ने घेतली. कंपन्यांच्या बदलीच्या अटी मात्र वेगवेगळ्या असल्याने त्या खरेदीपूर्वी वाचणे हिताचे असते.

गेमच्या प्रकारानुसार निवड

काउंटर-स्ट्राइकसारख्या स्पर्धात्मक नेमबाजी गेममध्ये प्रतिसादाचा वेग निर्णायक असतो. तेथील व्यावसायिक खेळाडू मुख्यतः २४ ते २५ इंची १०८०पी मॉनिटर वापरत आले असून त्यांतील अनेक जण १२८०×९६० सारख्या आणखी कमी रिझोल्यूशनवर खेळतात. अशा खेळाडूला ४के पडद्याचा उपयोग अल्प असतो. कथाप्रधान व मुक्तविश्व गेममध्ये दृश्यांचा बारकावा महत्त्वाचा असल्याने ४के किंवा अतिरुंद पडदा समर्पक ठरतो. रणनीतीच्या गेममध्ये वाढीव रिझोल्यूशनमुळे नकाशा व मजकूर अधिक स्पष्ट दिसतो. वाहन व विमान चालविण्याच्या गेममध्ये अतिरुंद पडदा बाजूची दृश्येही दाखवतो. मात्र काही गेम २१:९ किंवा ३२:९ गुणोत्तर स्वीकारत नाहीत आणि दोन्ही बाजूंना काळे पट्टे येतात. मध्यम क्षमतेच्या ग्राफिक्स कार्डासह दोन्ही प्रकारचे गेम खेळणाऱ्यांसाठी २७ इंची १४४०पी मॉनिटर हा सर्वसाधारण मध्यममार्ग समजला जातो.

मॉनिटर सहसा ग्राफिक्स कार्डापेक्षा अधिक वर्षे वापरात राहतो. म्हणून सध्याच्या कार्डाला किंचित जड जाणारा मॉनिटर घेऊन पुढे कार्ड बदलावे, असा एक विचार आहे. त्याविरुद्ध, न वापरल्या जाणाऱ्या पिक्सेलांसाठी आज पैसे मोजण्यापेक्षा पॅनेलचा दर्जा पाहावा, असा दुसरा विचार आहे. पहिल्या पर्यायात चित्र वाढविण्याच्या तंत्रांवर, तर दुसऱ्यात पुढे मॉनिटरही बदलण्याच्या तयारीवर भिस्त ठेवावी लागते.

भारतातील करआकारणी

भारतात १ जानेवारी २०१९ पासून ३२ इंचांपर्यंतच्या मॉनिटरांवर १८ टक्के, तर त्याहून मोठ्या मॉनिटरांवर २८ टक्के वस्तू व सेवा कर होता. ३४ इंची अतिरुंद आणि ४२ इंची ४के मॉनिटर त्यामुळे वरच्या टप्प्यात येत आणि ३२ इंची ४के मॉनिटरच्या तुलनेत त्यांच्यावर अधिक कर पडे. २२ सप्टेंबर २०२५ पासून मोठ्या मॉनिटरांवरील करही १८ टक्के करण्यात आला आणि आकारावरून होणारा हा भेद संपला.